मी न वाचलेल्या दोन ओळी

हे मी आजवर कुणालाही सांगितलेलं नाही. नवऱ्याला नाही, मुलाला नाही. शिळफाट्याला माझी धाकटी बहीण राहते, आमटीत मीठ जास्त पडलं तरी मी तिला फोन करून सांगते. तिलाही नाही. देवापुढे हात जोडते तेव्हासुद्धा हा विषय मी हळूच बाजूला सारते, जणू देवाला तो माहीतच नसेल. मग तुम्हालाच का सांगतेय? तुम्ही मला ओळखत नाही म्हणून. समोर बसला असतात तर मी चहा टाकला असता आणि भलतंच काहीतरी बोलत राहिले असते.

सुरुवात कुठून करू? खिडकीपासून करते, तिथून सोपं जाईल.

आमचं घर कडावच्या जरा पुढे, रस्त्याला लागून. खिडकीतून रस्त्यापलीकडचं एक मोठं भातखाचर दिसतं. खाचर म्हणायचं आपलं, पण अकरा वर्षं त्यात भाताचं एक रोप लागलं नव्हतं. नुसतं गवत. पावसात कमरेएवढे लव्हाळे, गणपतीच्या सुमाराला तेरड्याचा गुलाबी पसारा, दिवाळीनंतर सगळं हळूहळू पिवळं पडत जायचं, आणि चैत्रात तर सगळं गवत पांढरं होऊन उन्हात नुसतं सळसळत उभं. दुपारी जेवून कॉटवर आडवी झाले की ते गवत खिडकीतून आत येतंय असं मला वाटायचं. पायापाशी येतंय, कॉटखाली शिरतंय. झोप लागलेली नसायची आणि जागही नसायची. बगळे इतके सावकाश चालायचे की ते चालतायत की उभे आहेत हे बघता बघता माझे डोळे मिटायचे. मिटलेल्या डोळ्यांतही ते गवत असायचंच.

सुंदर होतं हो ते. हीच तर पंचाईत आहे. मुंबईच्या गाड्या थांबायच्या. लग्न ठरलेली पोरं-पोरी झुळझुळीत कपडे घालून बांधावर उभी राहायची आणि फोटोवाला त्यांना सांगायचा, जरा गवताकडे बघा, हसू नका. एकदा त्यातल्या एका मुलीने पाणी प्यायला येऊन मला विचारलं, काकू, हे असं मुद्दाम ठेवलंय का? मी म्हटलं, कोर्टाचं आहे. तिला ती गंमत वाटली. ती हसली, मीही हसले.

कोर्टाचं आहे! किती सहज म्हणायचे मी.

आता माणसं सांगते. फार नाहीत, चौघंच. मी, माझे हे, ह्यांचा धाकटा भाऊ जनार्दन — माझे भाऊजी — आणि त्यांची बायको शेवंती. दोन्ही घरं एकाच अंगणात, मधे तुळस. हे खोपोलीला कारखान्यात कामाला होते, महिन्याच्या महिन्याला पगार. भाऊजी तिसरी शिकलेले, शेतकरी. शेतकरी म्हणजे कसा, तर मातीची मूठ नाकाशी नेऊन, दोन दिवस थांबा असं सांगणारा. मोठं खाचर दोघा भावांचं, पण कसायचे भाऊजी, आणि भात झोडलं की ह्यांचा वाटा न मागता आमच्या पडवीत येऊन पडायचा. लग्न होऊन आले तेव्हापासून मी हेच बघत आले होते. भाऊजींना मूलबाळ नाही. आमचा एक मुलगा, तो पुण्याला.

आणि मी? मी खोपोलीची, गाव म्हणून सुट्टीतसुद्धा न बघितलेली. बारावी पास. या घरात आले तेव्हा बारावी झालेली बाई या अंगणात पहिलीच होती. त्यामुळे आल्या आल्या एक काम माझ्या गळ्यात पडलं, आणि खरं सांगायचं तर मला ते फार आवडलं. घरातले सगळे कागद वाचायचे मी. विजेचं बिल, सातबारा, ग्रामपंचायतीची नोटीस, लग्नाची पत्रिकासुद्धा. हे वाचू शकायचे, पण घाईघाईत वाचायचे. तेव्हा सासरे होते, त्यांनीच ठरवून टाकलं, कागद आला की सूनबाईकडे. भाऊजी कागद घेऊन दाराशी यायचे, चपला बाहेर काढायचे, टोपी नीट करायचे आणि उभं राहून ऐकायचे. बसा म्हटलं तरी बसायचे नाहीत. मी वाचायला लागले की मान खाली घालून असे ऐकायचे की मला आपण कुणीतरी आहोत असं वाटायचं. वर्षातून चार-पाचदाच, पण वाटायचं.

बाकी वर्षभर मी या घरात कोण होते? हेही सांगायलाच हवं, लपवून काय करू?

लावणीच्या दिवसांत त्या खाचरात तीस-तीस माणसं उतरायची. आज यांच्याकडे, उद्या त्यांच्याकडे, अशी एकमेकांच्या शेतात सगळी जायची. पाऊस, चिखल, गाणी, चेष्टा, कुणीतरी कुणाला तरी ढकलायचं, शेवंतीचा आवाज सगळ्यांच्या वर. आणि मी या खिडकीत. पहिल्या वर्षी उतरले होते मीही, साडी खोचून. पण मला जमेना, कंबर धरली, पाय रुतला, आणि सगळी हसली. वाईट हसली नाहीत, आपल्या माणसाला हसतात तशीच हसली. पण मी परत कधी उतरले नाही. त्यांनीही मला परत कधी बोलावलं नाही — ताईंना सवय नाय, असं म्हणून शेवंतीनं माझी कायमची सुटका करून टाकली. मी चहा करायचे. तीस माणसांचा चहा किटलीत भरून बांधापर्यंत न्यायचे आणि बांधावरून परत यायचे.

तर आता कोर्ट. भाऊजींनी एका वर्षी त्या खाचराच्या रस्त्याकडच्या कोपऱ्यात घराचं जोतं घालायला घेतलं. शेवंतीला स्वतःचं दार हवं होतं, यात काही चूक नाही. ह्यांना न विचारता घेतलं, एवढीच चूक. जमीन वाटलेली नव्हती. हे संध्याकाळी कामावरून आले, चार थर दगड बघितले, आणि अंगणात दोघा भावांचं असं काही वाजलं की तुळशीपुढचा दिवा त्या दिवशी कुणी लावलाच नाही. पुढच्या आठवड्यात ह्यांनी कर्जतला वकील गाठला. वाटणीचा दावा लागला. कुणीतरी ह्यांच्या कानात भरलं होतं की भाऊ बांधकाम करून जमीन एखाद्या फार्महाऊसवाल्याला देऊन टाकेल. भाऊजी असं करतील? मला तेव्हाही पटलं नव्हतं. पण मी गप्प बसले. गप्प बसणं मला चांगलं जमतं, हे पुढे तुमच्या लक्षात येईलच.

आणि मग काय झालं असेल? कोर्टाचं समन्स आलं ते भाऊजी घेऊन कुणाकडे आले? माझ्याकडेच! वादीच्या बायकोकडे प्रतिवादी कागद वाचून घ्यायला आला. चपला बाहेर काढल्या, टोपी नीट केली. हे कामावर होते. मी वाचलं — नीट वाचलं, अक्षर न अक्षर. तारीख कॅलेंडरवर खूण करून दाखवली. वकील करावा लागेल हेही सांगितलं. तुम्हाला हे विचित्र वाटेल, आम्हाला वाटलं नाही. भांडण भावाभावांचं होतं. कागद वाचायचं काम माझं होतं.

तारखेला तर सगळे एकाच टमटममधून कर्जतला जायचो. दुसरी मिळायची कुठे? हे पुढे ड्रायव्हरशेजारी, मागे मी, शेवंती आणि भाऊजी. मला गाडी लागते म्हणून भाऊजी कडेची जागा मला द्यायचे. बोलत कुणी नसे. बाहेर भाताची शेतं मागे मागे जात राहायची, आणि माझ्या कानांत नुसती घरघर. कधीकधी मला वाटायचं की आपण कुठेच पोचणार नाही आहोत, असेच चौघं बसून राहणार आहोत.

मग तो हुकूम झाला. अंतिम निकाल नव्हे, दावा चालू असेपर्यंत पाळायचा हुकूम. ते दिवस फाल्गुनातले. भाऊजींनी राब भाजायची तयारी केली होती. ज्या जागेत भाताचं बी टाकायचं तिथे आधी डहाळ्या, पालापाचोळा, शेण पसरून भाजतात, तो राब. डहाळ्यांचे ढीग खाचराच्या वरच्या अंगाला रचून ठेवले होते. दुपारी भाऊजी हुकमाची नक्कल घेऊन दाराशी आले.

आता इथे मी थांबते थोडी. पाणी पिऊन येते.

एक कागद होता, पाठपोट. पहिल्या बाजूला नावं, गट नंबर, कोण काय म्हणतं, आणि शेवटी हुकूम. दाव्याचा निकाल लागेपर्यंत प्रतिवादीने वादमिळकतीत कोणतेही बांधकाम करू नये, माती उकरू नये, मिळकत कुणाला विकू नये. पान तिथे संपत होतं. मी वाचलं. भाऊजी मान खाली घालून ऐकत होते. मी पान उलटलं.

मागच्या बाजूला वरती दोनच ओळी होत्या. त्याखाली सही, शिक्का. त्या दोन ओळी मला आजही तोंडपाठ आहेत. तथापि, प्रतिवादीने सदर मिळकतीत नेहमीप्रमाणे भातपीक घेण्यास व त्यातील वादीचा वाटा वादीस देण्यास हा हुकूम आड येणार नाही.

एवढंच. एका दमात वाचून झाल्या असत्या.

मी त्या मनात वाचल्या. आणि भाऊजी म्हणाले, "माती उकरायची नाय म्हंजे... नांगूर पन नाय, वयनी? राब तरी भाजू का?"

खिडकीतून खाचर दिसत होतं. कापणी झालेलं, करड्या खुंटांचं, ऊन पडलेलं. किती वेळ गेला असेल? भाऊजींना वाटलं असेल, वहिनी अवघड शब्द लावून बघतायत. मी शब्द लावत नव्हते. मला त्या खाचरात तीस माणसं दिसत होती, पाऊस दिसत होता, शेवंतीचं तोंड वर करून गाणं म्हणणं दिसत होतं, आणि बांधावर किटली घेऊन उभी असलेली एक बाई. आणि मला — कसं सांगू — मला पहिल्यांदाच असं वाटलं की हे सगळं माझ्या हातात आहे. हे होऊ द्यायचं की नाही, ते मी ठरवायचं.

"भाजू नका भाऊजी," मी म्हटलं. "मातीला हात लावायचा नाही. कोर्टाचा अपमान होतो. तुरुंगात घालतात."

तुरुंगाचं कागदावर कुठेच नव्हतं. ते मी माझ्या पदरचं घातलं.

भाऊजींनी कागद घेतला, कपाळाला लावला, चार घड्या घालून खिशात ठेवला. जाताना म्हणाले, "बरं झालं इचारलं. नायतर फुकट फसलो असतो."

तुम्ही म्हणाल, त्यांचा वकील होता की. होता ना. भाऊजींनी त्याला विचारलंही. वकील घाईत होता, त्याच्यापुढे दहा माणसं. तो म्हणाला, हुकूम हातात आहे ना, मग हुकमाप्रमाणे वागा. भाऊजी हुकमाप्रमाणेच वागत होते. मी वाचलेल्या हुकमाप्रमाणे. गावातही कुणाला काही वेगळं वाटलं नाही. स्टे लागला म्हणजे शिवायचं नाही, हे आमच्याकडे सगळ्यांना असंच माहीत असतं.

आणि हे? ह्यांना त्या दोन ओळी ठाऊक होत्या. ह्यांच्या वकिलाने त्या समजावून सांगितल्या होत्या. हे मनातून वाट बघत होते, मला दिसायचं ते. भाऊ राब भाजेल, लावणी करेल, दिवाळीला वाटा पडवीत आणून टाकेल, मग आपण काहीतरी बोलू, मग दाव्याचं बघू. पण राब भाजला गेला नाही. पाऊस आला, गेला, खाचर तसंच. हे खिडकीशी उभे राहायचे. एके दिवशी म्हणाले, "बघितलंस? मला भात द्यायला लागू नये म्हणून शेत पड टाकलं जन्यानं. स्वतः उपाशी राहील, पण मला देणार नाही."

एका बाजूला हा भाऊ, त्याला वाटत होतं की कोर्टाने अडवलंय. दुसऱ्या बाजूला तो भाऊ, त्याला वाटत होतं की भावाने डूख धरलाय. मधे तुळस. आणि दोन्हीकडचं खरं एकटीला ठाऊक असलेली मी, दोन्हीकडे सणाला पुरणपोळी पाठवत होते.

का नाही सांगितलं? पहिल्या वर्षी सांगता आलं असतं. अहो भाऊजी, पान उलटायचं राहिलंच की माझ्याकडून. ते हसले असते. मीही ठरवायचे, उद्या सांगू. पण एक लावणी बुडाल्यावर काय सांगणार? मग दुसरी बुडाली. जितकं गवत वाढत गेलं तितकं ते वाक्य मला जड होत गेलं. तारखा पडत होत्या. साहेब बदलले, वकील आजारी पडले, कधी एक बाजू हजर नाही तर कधी दुसरी. निकाल लागेपर्यंत, असं त्या हुकमात होतं. मला वाटलं होतं, निकाल म्हणजे वर्ष-दीड वर्ष. हुकूम तात्पुरता होता, माझं खोटंही मला तात्पुरतंच वाटलं होतं.

मग ते स्वप्नासारखे दिवस सुरू झाले. खरंच, त्या वर्षांचा हिशोब मला लागत नाही. कुठल्या साली काय झालं ते विचाराल तर सांगता येणार नाही. गवत आठवतं फक्त. रचलेल्या डहाळ्यांचे ढीग तिथेच कुजले, त्यांवर वेल चढले, आणि एका पावसात त्यांवर निळी फुलं आली. अर्धवट जोत्याच्या चौकोनात पाणी साचायचं, त्यात आभाळ दिसायचं. पाणकोंबड्या पिल्लं घेऊन फिरायच्या. सकाळी धुकं असलं की रस्त्यापलीकडे काहीच नसायचं, पांढरं नुसतं, आणि त्या पांढऱ्यात बांधावरून चालणारा एक माणूस.

तो माणूस म्हणजे भाऊजी. रोज सकाळी खाचराला एक फेरी घालायचे. बांधावरून. आत पाय टाकायचे नाहीत. गुरं शिरली तर बांधावरूनच दगड मारायचे, ओरडायचे, "अरं हाकल रं, कोर्टाचं हाय त्ये!" एकदा त्यांची टोपी वाऱ्याने उडून आत पडली, तर ती काढायला आत जावं की नाही म्हणून मला विचारायला आले. मी हो म्हटलं. परवानगी दिली मी त्यांना, त्यांच्या शेतातून त्यांची टोपी काढायला! आणि आल्यावर ते माझ्याकडे बघून असे हसले, जणू वहिनींच्या ओळखीने काम झालं.

पोटाचं काय? शेवंती दुसऱ्यांच्या लावणीला रोजाने जायला लागली. ज्यांना ती आपल्या खाचरात बोलवायची, त्यांच्याच शेतात. गाणी म्हणायची की नाही मला माहीत नाही, मला तिचा आवाज परत ऐकू आला नाही. भाऊजींनी एका फार्महाऊसवर राखण धरली. तिथे लॉन होतं. त्यांचं काम म्हणजे सकाळ-संध्याकाळ त्या गवताला नळीने पाणी घालायचं. एकदा मला म्हणाले, "वयनी, तितं गवत वाढवाया पगार हाय बगा." चेष्टेने म्हणाले. मी हसले नाही त्या वेळी, एवढं आठवतं.

मला काही वाटत नव्हतं असं समजू नका. लाज वाटायची. पण दुपारी खिडकीशी आडवी झाले की ती लाज विरघळून जायची. ते गवत, ते बगळे, तो संथपणा — मला ते आवडायला लागलं होतं. शेतात कुणी उतरत नव्हतं. मी एकटीच वगळलेली नव्हते आता. हे वाक्य लिहून झालं आणि मी बराच वेळ त्याच्याकडे बघत बसले. पण ते खरं आहे, म्हणून ठेवते.

नवव्या वर्षी हे गेले. छातीचं दुखणं होतं, दोन महिने घरीच होते. कॉट मी खिडकीशी लावली होती. शेवटच्या आठवड्यात खाचराकडे बघत म्हणाले, "एकदा तरी यायला हवं होतं त्यानं. मी माफ केलं असतं." भाऊजी अंगणात येऊन उभे असायचे रोज. आत यायचे नाहीत, दादा रागावलाय म्हणून. मी बाहेर गेले की हळूच विचारायचे, कसं हाय? आत आले की हे विचारायचे, कोण होतं गं? मी म्हणायचे, कुणी नाही.

कुणी नाही.

दाव्यात वारस म्हणून माझं नाव वादीच्या जागी लागलं. दोन वर्षं गेली. मग मी वकिलाला म्हटलं, तडजोड करा, अर्धं अर्धं. कुणाला वाटलं, बाई मोठ्या मनाची. सह्या झाल्या, निकाल झाला, जुना हुकूम आपोआप संपला. आणि तो नवा कागद घेऊन भाऊजी माझ्या दाराशी आले. या वेळी शेवंतीही होती. भाऊजींना आता मोतीबिंदू आहे, पायरी चाचपत चढले. चपला मात्र बाहेरच काढल्या.

मी वाचायला लागले. निकालात दाव्याची सगळी हकीकत असते, कधी काय झालं, कोणता हुकूम निघाला. दुसऱ्या पानावर त्या दोन ओळी होत्या. तशाच. दावा चालू असताना प्रतिवादीस नेहमीप्रमाणे भातपीक घेण्याची मुभा होती.

आता कसली भीती होती मला? दावा संपलेला, नवरा गेलेला. त्या दोन म्हाताऱ्या माणसांनी मला काय केलं असतं? पहिल्या वेळी माझ्या मनात मत्सर होता, राग होता, म्हणता येईल. आता त्यातलं काहीच नव्हतं. समोर भाऊजी मान खाली घालून ऐकत होते, माझ्या आवाजावर विश्वास ठेवून. तो विश्वास मला हवा होता. मी त्या ओळींवरून नजर उचलली आणि पुढच्या ओळीवर ठेवली. वाचताना अडखळलेही नाही.

"म्हंजे आता राब भाजायचा?" भाऊजींनी विचारलं.

"भाजा," मी म्हटलं.

शेवंतीनं माझ्या पायांना हात लावला. भाऊजी तिथेच उभे राहिले. मग टोपी काढून हातात घेतली. आपल्या हाताने टोपी काढलेले भाऊजी मी कधी पाहिले नव्हते.

"वयनी, येक इचारायचं व्हतं. दादाला ठावं व्हतं ना? मी मुद्दाम पड नव्हती टाकली. कोर्टानंच मना केली व्हती. ह्ये त्याला ठावं व्हतं ना?"

मी म्हटलं, "हो भाऊजी. ठाऊक होतं त्यांना."

त्यांचा चेहरा असा काही मोकळा झाला! शेवंतीकडे वळून म्हणाले, "ऐकलंस का गं? दादाच्या मनात काय नव्हतं." तिला दोनदा ऐकवलं. मग डोळे पुसले आणि चाचपत पायरी उतरले. आता ते हे गावात सगळ्यांना सांगतात, दुकानात, टमटममध्ये, राखणीवर. दादाला सगळं ठावं व्हतं म्हणून.

ह्यांना ठाऊक नव्हतं. ह्यांना शेवटपर्यंत वाटत होतं की आपल्याला भात मिळू नये म्हणून भावाने शेत ओस टाकलं. नऊ वर्षं मी त्यांच्या ताटाशेजारी ताट मांडून जेवले, आणि ते तसं नाही हे मी त्यांना सांगितलं नाही.